डोळ्याच्या श्वेतपटलाचे विकार आणि त्यांचे निदान-कोड : नेत्ररुग्णालयांसाठी माहितीपत्रक

नाशिक शहरातील तसेच निफाड, दिंडोरी व सिन्नर भागातील ज्या नेत्ररुग्णालयांचे कोडिंग (निदानाला ठरलेला कोड देणे) आणि विमा-दाव्यांचे कागद आम्ही तयार करतो, त्यांच्यासाठी हे पत्रक आहे. केसपेपरवर नुसते ‘उजवा डोळा लाल’ एवढेच लिहून आले, की आमचे काम थांबते आणि पुढे रुग्णाचा दावाही अडकतो. श्वेतपटल, म्हणजे डोळ्याचे पांढरे टणक आवरण, याच्या विकारांत हे विशेष घडते. कारण वरवर सारख्या दिसणाऱ्या लालीमागे अगदी वेगवेगळे आजार असतात.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या आजारांच्या वर्गीकरणात श्वेतपटलाचे विकार एच १५ या गटात आहेत. एच १५.० म्हणजे स्क्लेरायटिस (श्वेतपटलाचा दाह), एच १५.१ म्हणजे एपिस्क्लेरायटिस (श्वेतपटलावरच्या पातळ थराचा सौम्य दाह), एच १५.८ मध्ये श्वेतपटलाला फुगवटा येण्यासारखे इतर विकार आणि एच १५.९ म्हणजे प्रकार न नोंदवलेला विकार. शेवटचा कोड आम्ही नाइलाजानेच लावतो. अमेरिकेत २०१५ पासून वापरात असलेल्या विस्तारित आवृत्तीत यांतले बहुतेक कोड सहा अंकी-अक्षरी होतात आणि शेवटचा अंक डोळा सांगतो : १ उजवा, २ डावा, ३ दोन्ही, ९ न नोंदवलेला. त्यामुळे डाव्या डोळ्याच्या पुढच्या भागातील स्क्लेरायटिसचा कोड एच १५.०१२ असा होतो, तर तोच दाह मागच्या भागात असेल तर एच १५.०३२. दाव्यासाठी कोणती आवृत्ती लागते, ते आम्ही पाहतो. मात्र डोळा कोणता आणि भाग कोणता, हे आपणच लिहावे लागते.

मागच्या हिवाळ्यात आमच्याकडे आलेला एक केसपेपर आम्हाला अजून आठवतो. डाव्या डोळ्यात खोलवर ठणका, रात्री त्याने झोपमोड, फिनाइलेफ्रिनचा (रक्तवाहिन्या आकुंचित करणाऱ्या औषधाचा) थेंब टाकूनही लाली न ओसरलेली, एवढे तपशील डॉक्टरांच्या हाताने नीट लिहिलेले होते. पण निदानाच्या ओळीत दुसऱ्याच अक्षरात ‘एपिस्क्लेरायटिस’ असे होते. एपिस्क्लेरायटिसची लाली वरवरची असते आणि त्या थेंबाने बहुधा फिकी पडते, हे आम्हाला ठाऊक होते. तरीही लक्षणांवरून निदान बदलण्याचा अधिकार कोडरला नाही आणि नसावाच, असे आमचे ठाम मत आहे. आम्ही डॉक्टरांना फोन केला, त्यांनी केसपेपर पुन्हा पाहून निदान दुरुस्त केले आणि सही केली, त्यानंतरच कोड बदलला. तसे झाले नसते तर सौम्य आजाराच्या कोडखाली संधिवाताच्या व क्षयाच्या तपासण्यांची बिले गेली असती आणि त्यांची गरज काय, हा प्रश्न विमा कंपनीकडून आलाच असता.

यातूनच मूळ आजाराचा मुद्दा येतो. स्क्लेरायटिसच्या बऱ्याच रुग्णांत शरीरात दुसरा आजार सापडतो, त्यातही आमवात अधिक. तो निदानात लिहिलेला असेल तर त्याचा कोड वेगळा द्यावा लागतो. क्षय, नागीण यांसारख्या आजारांमुळे झालेल्या श्वेतपटलाच्या दाहासाठी आयसीडी-१० मध्ये एच १९.० हा तारांकित कोड आहे. तो एकटा कधीच वापरता येत नाही, त्याच्या आधी मूळ आजाराचा कोड असावाच लागतो. अमेरिकी आवृत्तीत हा तारांकित कोडच नाही. तिथे नागिणीच्या स्क्लेरायटिसला थेट बी ०२.३४ लावतात. म्हणून ‘नागिणीमुळे’ हा एक शब्द केसपेपरवर असणे किंवा नसणे यावर सगळी मांडणी बदलते.

काही गोष्टी पांढऱ्या भागात दिसतात, पण या गटात बसत नाहीत. काविळीने पिवळे झालेले डोळे आर १७ मध्ये जातात, जन्मजात निळसर श्वेतपटल क्यू १३.५ मध्ये. द्राक्षबागेत फवारणी करताना औषध उडून डोळा लाल झाला असेल, तर ते नेमके कोणत्या आवरणाला लागले आणि कोणते औषध होते, हे लिहावे; नुसत्या लालीवरून तिथे एच १५ लावणे चूक ठरेल.

निदान पक्के झालेले नसेल, तर तसेच लिहावे, त्यात काहीही कमीपणा नाही. ‘स्क्लेरायटिस?’ असे प्रश्नचिन्ह बाह्यरुग्णाच्या कागदावर असेल, तर अमेरिकी नियमानुसार त्या आजाराचा कोड देता येत नाही; अशा वेळी डोळा दुखण्याचा एच ५७.१ सारखा लक्षणाचा कोड लावतात आणि आम्हीही तीच पद्धत पाळतो, कारण सिद्ध न झालेला आजार रुग्णाच्या नोंदीत कायमचा चिकटू नये. पुढच्या भेटीत निदान निश्चित झाले, की त्या दिवसाचा केसपेपर आमच्याकडे पाठवावा. नवा कोड त्या भेटीपासून लागू होतो आणि आधीच्या भेटीचा कोड आहे तसाच राहतो. तो मागाहून बदलण्याची विनंती कृपया करू नये.