काठ (साडीचा, मडक्याचा, नदीचा)

काठ म्हणजे साध्या भाषेत कडेचा पट्टा. साडीचा काठ, धोतराचा काठ, मडक्याचा काठ, ताटाचा काठ, तळ्याचा काठ, नदीचा काठ. शब्द एकच, पण विणकर म्हणतो तेव्हा त्याचा अर्थ एक, कुंभार म्हणतो तेव्हा दुसरा आणि कृष्णेच्या मळीत, म्हणजे नदीलगतच्या गाळाच्या जमिनीत, ऊस लावणारा म्हणतो तेव्हा तिसरा, आणि बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, अथणी या सीमाभागात हे तिन्ही अर्थ अजून रोजच्या बोलण्यात आहेत म्हणून ही नोंद इथल्या वापराला धरून लिहिलीय. काठ म्हणजे कड एवढं सांगून भागत नाही. कड कशालाही असते, कागदाला असते, टेबलाला असते, त्याला कोण काठ म्हणत नाही. कापड आणि मातीच्या कामात काठ म्हणतात तो मुद्दाम घडवलेला, जास्त माल घालून बळकट केलेला भाग, आणि वस्तू धरायची, उचलायची, पारखायची ती तिथूनच.

शब्द आला संस्कृत कंठ वरून, म्हणजे मूळ अर्थ गळा. गुजरातीत कांठो, पंजाबीत कंढा, ही सगळी त्याच घरातली भावंडं. जुन्या मराठी छपाईत तो कांठ असा अनुस्वार देऊन लिहिलेला दिसतो, १९६२ च्या शुद्धलेखन नियमांनी न उच्चारले जाणारे अनुस्वार गेले तेव्हा काठ राहिला. मडक्याकडे बघितलं की ही व्युत्पत्ती डोळ्यांनीच दिसते, कारण मडक्याचा काठ गळ्यावरच बसलेला असतो. साडीला गळा नसतो, तिथे शब्द कसा पोचला याचा विचार करायला लागलं की मजा येते, पण गळा, मग तोंडाची कड, मग कुठलीही बळकट कड, असा हा प्रवास धरला तर पटतं.

साडीचा काठ

लुगड्याला किंवा साडीला दोन काठ आणि एक पदर. काठ लांबीभर जातो, पदर टोकाला येतो, म्हणून विणकराच्या दृष्टीने दोन्हींचं काम वेगळं. काठाचे रंगीत उभे धागे ताणा, म्हणजे मागावरचे उभे धागे, मांडतानाच दोन्ही बाजूंना वेगळे आणि दाट भरलेले असतात, त्यामुळे पहिल्या आडव्या धाग्यापासून शेवटच्या धाग्यापर्यंत काठ सोबत चालतो, मधेच सुरू करता येत नाही आणि मधेच सोडता येत नाही. बेळगावात शहापूर, वडगाव, खासबाग हा विणकरांचा भाग. शहापूर १९४८ पर्यंत सांगली संस्थानात होतं आणि शहापुरी साडी म्हणून इथल्या मालाला नाव होतं, आता हातमाग कमी आणि पॉवरलूम जास्त, गल्लीत शिरलं की खटाखट आवाज येतो तो त्याचाच.

काठाचा रंग अंगापेक्षा, म्हणजे साडीच्या मधल्या भागापेक्षा, वेगळा आणि भरीव हवा असेल तर तीन धोटे (आडवा धागा इकडून तिकडे नेणारं साधन) लागतात, एक अंगाचा आणि दोन काठांचे, प्रत्येक ओळीला अंगाचा धागा आणि काठाचा धागा सांध्यावर एकमेकांत अडकवून परत फिरवायचा. हे हातमागाचं काम आहे आणि वेळखाऊ आहे. साध्या यंत्रमागावर आडवा धागा एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत एकच धावतो, मग हिरव्या अंगाच्या साडीला लाल काठ घातला तर त्या लालमध्ये हिरवा मिसळतो आणि काठ जरा मळकट दिसतो. दुकानात साडी उलटी करून काठाजवळ डोळा नेऊन बघा, लाल एकदम लाल आहे की त्यात दुसरा रंग डोकावतोय, तेवढ्यावरून बरंच कळतं. हे प्रत्येकाने एकदा तरी करून बघावं असं मला मनापासून वाटतं, कारण जो विणकर तीन धोटे चालवतो त्याची मेहनत न ओळखताच आपण भाव पाडून मागतो.

सीमाभागातल्या बायकांच्या कपाटात इरकल असतेच. इरकल म्हणजे बागलकोट जिल्ह्यातलं इलकल, तिथली साडी, मराठीत तिचं इरकल झालं. तिच्या काठांना नावं आहेत, गोमी, परासपेट, गाडी वगैरे. गोमी म्हटलं की मराठी माणसाला गोम आठवते आणि काठावरची नक्षी बघितली की ते नाव आपसूक चिकटतं. परासपेटमध्ये पुन्हा चिक्की परास आणि दोड्ड परास, म्हणजे छोटा आणि मोठा, ही कन्नड विशेषणं मराठी घरात पण तशीच बोलतात. इरकलचा पदर वेगळ्या ताण्याचा असतो आणि तो अंगाच्या ताण्याला फासे घालून जोडतात, त्याला तोपतेनी म्हणतात, पण तो पदराचा विषय झाला.

काठ बळकट का लागतो ते नेसणाऱ्याला माहीत असतं. खालचा काठ जमिनीला घासतो, टाचेखाली येतो, पावसात चिखल तोच खातो, आणि काठ जड असल्यामुळे निऱ्या सरळ पडतात. आता साडीला आतून फॉल लावतात तो याच काठाला आधार म्हणून. नऊवारीच्या काळात फॉल नव्हता, काठ स्वतःच फॉलचं काम करायचा. अंग विरून गेलं तरी काठ टिकतो, म्हणून जुन्या लुगड्याचे काठ उसवून वाकळेच्या चारी बाजूंना लावायची पद्धत आहे, कन्नडमध्ये वाकळेला कौदी म्हणतात आणि कौदी शिवणाऱ्या बायका आधी काठच शोधतात.

रंगावरून बोलायचं तर काळ्या लुगड्याला लाल काठ म्हणजे चंद्रकळा, संक्रांतीची. बारीक काठाची, रुंद काठाची, जरीकाठी, लालकाठी अशी विशेषणं सरळ बोलण्यात येतात. आणि हल्ली दुकानात काठपदर हा एकच शब्द चालतो, काठपदर दाखवा म्हटलं की दुकानदाराला कळतं, प्रिंटेड नको, पारंपरिक हवी.

मडक्याचा काठ

कुंभारकामात मडक्याचे भाग माणसाच्या अंगासारखे सांगतात, तोंड, काठ, गळा, पोट, बूड. यातला काठ सगळ्यात आधी पुरा होतो हे बऱ्याच लोकांना माहीत नसतं. चाकावर मातीचा गोळा ठेवून अंगठ्याने तोंड पाडतात, भिंत वर ओढतात, गळा आवळतात आणि मग काठ बाहेरच्या बाजूला किंचित वळवून जाड करतात. शेवटी ओल्या फडक्याची पट्टी काठावर धरून चाक फिरू देतात, त्याने काठ गुळगुळीत होतो. ते फडकं बहुतेक वेळा जुन्या सुती कापडाचं, धोतर लुगडं जे घरात असेल त्याचं फाडलेलं. नंतर दोऱ्याने खालून कापून भांडं उतरवतात.

उतरवलेलं भांडं अजून ठेंगणं आणि जाड असतं. जरा सुकलं की आतून भाजलेल्या मातीचा किंवा दगडाचा गोळा लावून बाहेरून लाकडी चोपण्याने थापटत थापटत पोट फुगवतात आणि बूड बंद करतात. एवढं सगळं होताना काठाला हात लावत नाहीत, तो चाकावर झाला तसाच राहतो. म्हणजे घागर केवढीही मोठी होऊ दे, तिचं तोंड पहिल्या पाच मिनिटांत ठरून गेलेलं असतं. साडीचा काठ ताणा मांडतानाच ठरतो तसंच हे.

जाड काठाची कारणं दोन तीन आहेत. एक, घागर कमरेवर घेताना हात काठाखाली अडकतो, विहिरीत सोडताना दोर काठाखाली गळ्याला बांधतात, सगळं वजन तिथे येतं. दोन, सुकताना आणि आव्यात, म्हणजे कुंभाराच्या भट्टीत, भाजताना पातळ कड आधी तडकते. तीन, झाकण बसायला आणि फडकं बांधायला काठ लागतो. लोणच्याच्या बरणीच्या तोंडाला कापड बांधतात त्याला दादरा म्हणतात, त्याचा दोरा ज्या खाचेत बसतो ती काठामुळेच असते. डोक्यावर घागर घेताना खाली कापडाची चुंबळ लागते, कन्नडमध्ये सिंबी, ती मात्र बुडाला, काठाला नाही. एका घागरीला खाली कापड, वर कापड.

खानापूर हे या भागातलं मातीच्या कामाचं गाव. तिथली माती कौलांना, विटांना, भांड्यांना चांगली म्हणून कारखाने आणि भट्ट्या तिथे झाल्या, आणि खादी ग्रामोद्योग आयोगाची केंद्रीय ग्राम कुंभारी संस्था पण खानापुरातच आहे. कुंभारकामाच्या प्रशिक्षणात आणखी एक मजेदार शब्द भेटतो, स्लिप. पाण्यात कालवलेली पातळ माती म्हणजे स्लिप, ती साच्यात ओततात किंवा कपाला कान चिकटवायला लावतात. हीच स्लिप कपड्यात आतून घालायची, बँकेत भरायची, क्रिकेटमध्ये उभं राहायची, आणि पावसात गाडी स्लिप होते ती वेगळीच. इंग्रजीतून आलेल्या शब्दाने एवढे अर्थ सोबत आणले, पण कपडा आणि माती दोन्हीकडे चालणारा आपला शब्द आधीपासून होता, तो काठ.

बाजारात मडकं घेताना काठ तपासायची रीत आहे. बोट काठावरून गोल फिरवायचं, कुठे बारीक चीर असेल तर बोटाला लागते, मग टिचकी मारायची. खणखणीत आवाज आला तर पक्कं भाजलंय, बद्द आला तर कुठेतरी तडा आहे. विकणारी बाई स्वतःच म्हणते, "आक्का, काठावर टिचकी मारून बगा की, मग घ्या." उन्हाळ्यात माठ आणि संक्रांतीला सुगडं घेताना हे हमखास ऐकायला मिळतं.

पुरातत्त्ववाल्यांना पण काठ फार लाडका. खापराचा पोटाचा तुकडा मिळाला तर त्यातून भांड्याचा आकार सांगणं अवघड, पण काठाचा तुकडा मिळाला तर त्याच्या वळणावरून तोंडाचा व्यास काढता येतो आणि भांडं कुठल्या जातीचं ते पण बऱ्याचदा कळतं, म्हणून काठाची खापरं वेगळी काढून त्यांची चित्रं काढतात. बेळगावातच वडगाव माधवपूरच्या उत्खननात सातवाहन काळातल्या वस्तीचे अवशेष मिळालेत. वडगाव म्हणजे तेच, माग चालतात ते. वरती साडीचे काठ विणले जातात आणि त्याच परिसरात जमिनीखाली दोन हजार वर्षांपूर्वीच्या संसाराच्या खुणा, हे मला दर वेळी तिकडून जाताना आठवतं.

गळा आणि घेर

काठासारखे आणखी दोन शब्द कापड आणि माती दोन्हीकडे आहेत. गळा, ब्लाउजचा आणि घागरीचा. शिंपी मटका गळा म्हणतात तेव्हा तर कुंभारवाड्यातला आकार थेट ब्लाउजच्या पाठीवर येतो. घेर, परकराचा आणि रांजणाचा. पण या दोन्हींना काठाएवढे अर्थ नाहीत.

नदीचा काठ आणि बोलण्यातला काठ

नदीचा काठ कोणी घडवत नाही, नदीच घडवते, गाळ आणून टाकते आणि पुराला कापून पण नेते. कृष्णा, दूधगंगा, वेदगंगा, घटप्रभा, हिरण्यकेशी, मार्कंडेय, आणि कणकुंबीला उगम पावून खानापुरातून जाणारी मलप्रभा, एवढ्या नद्यांचे काठ बेळगाव जिल्ह्यात आहेत. काठाची जमीन म्हटलं की भाव वेगळा. ऑगस्ट २०१९ च्या पुरात कृष्णाकाठची, दूधगंगाकाठची गावं पाण्यात गेली, तेव्हा फोनवर पहिला प्रश्न एकच असायचा, "पाणी काठ सोडून वर आलंय काय?" नदीकाठी, तळ्याकाठी यातला ई म्हणजे जुनी सप्तमी, काठावर असा अर्थ.

काठोकाठ म्हणजे या काठापासून त्या काठापर्यंत भरलेलं. दूध काठोकाठ भरलं की उतू जातं, पावसाळ्यात राकसकोप जलाशय काठोकाठ भरला की बेळगावकरांना वर्षभराच्या पाण्याची काळजी मिटल्यासारखं वाटतं. काठावर पास म्हणजे पस्तीसला टेकलेला. काठावर बसलेला म्हणजे कुठल्याच बाजूला न जाणारा.

कन्नडमध्ये याला जुळणारी जोडी आहे आणि ती इथे सांगायलाच हवी. दड म्हणजे नदीचा काठ आणि दडी म्हणजे साडीचा काठ, म्हणजे त्यांच्याकडे पण नदी आणि साडी जवळजवळ एकाच शब्दात. कड या अर्थाने अंचू हा शब्द पण चालतो. शहापुरातल्या दुकानात गिऱ्हाईक काठ म्हणतं, दुकानदार दडी म्हणतो, आणि व्यवहार अडत नाही. राज्याच्या सरहद्दीला मात्र मराठीत सीमा आणि कन्नडमध्ये गडी. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपासून या भागाला सीमाभाग म्हणतात, काठभाग असं कुणाच्या तोंडून ऐकलं नाही. मला यात भाषेची समज दिसते. सीमा दोघांच्या मधे आखतात, काठ ज्याचा त्याचा असतो, साडीचा साडीला, मडक्याचा मडक्याला.

सारखा दिसणारा दुसरा काठ

काठी, भाकरीचं पीठ मळायची काठवट, हे शब्द या काठातून आलेले नाहीत, ते काष्ठ म्हणजे लाकूड यातून आलेत. हिंदीत काठ म्हणजे लाकूडच. त्यामुळे लालकाठी लुगडं म्हणजे लाल काठाचं, लाल काठीचं नव्हे, आणि नदीकाठी याचा काठीशी संबंध नाही. काठवटीला गोल कड असते, तिला पण काठवटीचा काठ म्हणतात, तिथे दोन्ही शब्द एका ठिकाणी येतात.