मैत्रिणीचं सुतक

घरातलं माणूस गेलं की पुढे काय करायचं ते कोणाला विचारावं लागत नाही. दहा दिवस सुतक, शेजारून आलेला पिठलं-भात, दहावा, तेरावा. मैत्रीण गेली तर यातलं काहीच नसतं. माझ्या भाचीची मैत्रीण स्कूटरच्या अपघातात गेली तेव्हा भाची एकोणीस वर्षांची होती. सहावीपासून एका बाकावर बसणाऱ्या तिघी, त्यातली एक गेली. तिसऱ्या दिवशी प्रॅक्टिकल होतं. भाची ते द्यायला गेली, कारण न जाण्याचं कारण काय लिहायचं हेच तिला कळेना. रजेच्या अर्जात 'मैत्रिणीचे निधन' असं लिहिलेलं तुम्ही कधी पाहिलंय?

अशा शोकाला अमेरिकी अभ्यासक केनेथ डोका यांनी १९८९ मध्ये एक नाव दिलं. मराठीत आपण त्याला 'बेदखल दुःख' म्हणू. दुःख आहे, पण सातबाऱ्यावर तुमचं नाव नाही. ते किती खोल जातं याचा एक अंदाज २०१९ मधल्या शोधनिबंधात मिळतो. ऑस्ट्रेलियातल्या २६,५१५ लोकांची वर्षानुवर्षं गोळा केलेली माहिती त्यात चाळली होती. त्यातल्या ९,५८६ जणांनी जवळचा मित्र किंवा मैत्रीण गमावली होती. तब्येत, मनःस्थिती, लोकांत मिसळणं या सगळ्यावरचा परिणाम चार वर्षांपर्यंत दिसत होता आणि बायकांमधली घसरण जास्त होती. हे सगळे प्रौढ, सगळ्या वयांचे लोक. पण एकोणिसाव्या वर्षी हे सोपं जात असेल असं मला तरी वाटत नाही.

अपघाताच्या दिवशी दुपारी भाचीच्या फोनवर त्या मैत्रिणीचा एक मिस्ड कॉल होता. पुढचे कित्येक महिने त्या लाल बाणाचा अर्थ लावण्यात गेले. 'मी उचलला असता तर ती दहा मिनिटं उशिरा निघाली असती.'

इथे मला मानसशास्त्रज्ञ बारूक फिशॉफ यांचा १९७५ सालचा प्रयोग आठवतो. त्यांनी विद्यार्थ्यांना १८१४ साली नेपाळात इंग्रज आणि गुरखे यांच्यात पेटलेल्या लढाईचा उतारा वाचायला दिला. शेवट चार असू शकत होते: इंग्रज जिंकले, गुरखे जिंकले, बरोबरी होऊन तह झाला, बरोबरी होऊन तहही झाला नाही. काहींना शेवट सांगितलाच नाही. बाकीच्या गटांना एकेक वेगळा शेवट 'हे असं घडलं' म्हणून सांगितला. ज्यांना जो शेवट कळला, त्यांना तोच जास्त संभवनीय वाटला. कळलेलं बाजूला ठेवून उत्तर द्या, असं बजावूनही फारसा फरक पडला नाही. आणखी एक गोष्ट झाली, ती मला जास्त महत्त्वाची वाटते: उताऱ्यातली कुठली ओळ महत्त्वाची, हेही शेवटाप्रमाणे बदललं. उतारा तोच, पण शेवट कळल्यावर एखादी साधी ओळ इशारा होऊन बसली.

मिस्ड कॉलचं हेच झालं. दुपारी तो रोजच्यासारखा मिस्ड कॉल होता. संध्याकाळच्या बातमीने त्याचा इशारा केला.

आता उरलेल्या दोघी. त्या रोज रात्री दोन-दोन वाजेपर्यंत बोलायच्या. "तू तरी आदल्या दिवशी भेटलीस." "पण भांडले ना गं मी." "ते भांडण नव्हतं, माझा कॉल बघ." की पुन्हा पहिल्यापासून. ताई म्हणायची, बोलू दे, मन मोकळं होतं.

होतं आणि होतही नाही. अमेरिकेत मिझुरी विद्यापीठातल्या अमांडा रोझ यांनी २००२ मध्ये या प्रकाराचा अभ्यास मांडला. एकच प्रश्न जोडीने चघळत राहायचा, त्यातल्या वाईट भावनांवरच थांबायचं. मराठीत याला तयार शब्द आहे, रवंथ. ही जोडीची रवंथ. पुढे २००७ मध्ये रोझ आणि सहकाऱ्यांनी शाळेतल्या ८१३ मुलामुलींकडे सहा महिन्यांच्या अंतराने पाहिलं. अशा बोलण्यातून मुलींची मैत्री घट्ट झाली आणि त्यांची उदासी नि चिंताही वाढली. मुलग्यांची फक्त मैत्री घट्ट झाली. २००८ मध्ये तरुण मैत्रिणींच्या जोड्यांना प्रयोगशाळेत अडचणींवर बोलायला लावलं, तर रवंथ करणाऱ्यांच्या लाळेत कॉर्टिसॉल हे ताणाचं संप्रेरक वाढलेलं सापडलं. म्हणजे जी मैत्रीण औषध, तीच थोडा ताप. मैत्री तोडा, असं यातून निघत नाही. बोलणं कुठे जाऊन थांबतं, एवढंच बघायचं.

मार्गारेट स्ट्रोब आणि हेंक शूट या नेदरलँड्समधल्या दोघा अभ्यासकांनी १९९९ मध्ये शोकाचं जे चित्र मांडलं ते झोपाळ्यासारखं आहे. माणूस कधी गेलेल्याकडे झुकतं, कधी राहिलेल्या कामांकडे, आणि हा झोका चालू राहणं हीच निरोगी गोष्ट. आपल्याकडे बायका जात्यावर समोरासमोर बसून दुःख गायच्या, पण हात खुंट्यावर असायचे आणि दळण संपलं की उठावं लागायचं. हेमा राईरकर आणि गी पॉइटेव्हँ यांनी जात्यावरच्या लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. ओव्यांची सांगड या सिद्धांताशी मी घालते आहे, कुणी सिद्ध केलेली नाही.

झोका अडकतो तेव्हा मदत लागते. अमेरिकी मानसोपचाराच्या नियमावलीत २०२२ पासून दीर्घ शोक हा स्वतंत्र विकार आहे: प्रौढांत किमान वर्ष, मुलांत आणि किशोरांत सहा महिने उलटले तरी रोजचं जगणं ठप्प असेल तर. 'मीही जाते' असं मनात येत असेल तर मात्र कॅलेंडर बघायचं नाही. टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर मोफत आहे, आणि तिथे मराठीतही बोलता येतं.

चौथ्या महिन्यात दोघी मैत्रिणीच्या कार्डावरची दोन पुस्तकं कॉलेजच्या लायब्ररीत परत द्यायला गेल्या. दंड झाला होता. कोणी भरायचा यावरून काउंटरवरच जुंपली, कारण ती गेलेली बया कधीच दंड भरायची नाही, कायम या दोघींच्या गळ्यात मारायची. हे आठवलं आणि दोघी हसल्या. मग हसलो म्हणून रात्री फोनवर रडल्या. पण त्या रात्री अकराला झोपल्या.