ठेच्याला उगाच बदनाम केलं

आमच्या मामांना पाच-सहा वर्षं पोटाचा त्रास, "पोटमा आग पडस रे भो" म्हणत ओट्यावर पोट दाबून बसायचे आणि घरात सगळ्यांचं एकच, ठेचा बंद करा, शेवभाजी बंद करा. शेवटी गेल्या वर्षी धुळ्याला दुर्बिणीने तपासणी केली. डॉक्टरांनी जठराचा तांदळाच्या दाण्याएवढा तुकडा काढून पिवळ्या जेलीत टाकला आणि थोड्या वेळात ती बघता बघता गुलाबी झाली, म्हणजे आत हेलिकोबॅक्टर पायलोरी. हा जंतू युरियापासून अमोनिया बनवतो, त्यानेच आजूबाजूचं ॲसिड मारून जठरात टिकतो, आणि जेलीचा रंगही त्यामुळेच बदलतो.

मिरचीने जळजळ वाढते हे खरं, पण अल्सर, म्हणजे पोटातली जखम, बहुतेक वेळा या जंतूने नाहीतर सारख्या पेनकिलर खाल्ल्याने होतो. ऑस्ट्रेलियात पर्थला १९८२ साली बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनी हा जंतू वाढवून दाखवला, तरी लोक मानेनात म्हणून मार्शल यांनी १९८४ मध्ये तो स्वतः पिऊन जठराला सूज आणून दाखवली. २००५ ला दोघांना नोबेल मिळालं.

पण जखम एकटा जंतू करत नाही हो. तो चिकट थरात दडून बसतो, आपल्या पांढऱ्या पेशी त्याला मारायला धावतात, तो काही पूर्ण मरत नाही आणि त्यांनी सोडलेल्या रसायनांनी आपलंच अस्तर भाजतं, हे वर्षानुवर्षं चालतं. तरी जगात कितीतरी लोकांच्या पोटात हा असून त्यांना काहीच होत नाही, कारण सगळे जंतू सारखे नसतात. काहींकडे 'कॅग' नावाचा, सुमारे ४० हजार अक्षरांचा डीएनएचा तुकडा असतो, तो मुळात दुसऱ्याच कुठल्यातरी जंतूकडून आलेला. ओळखला कसा? त्यातल्या अक्षरांचं प्रमाणच वेगळं आहे, अहिराणीत बोलता बोलता कोणी मधेच परक्या बोलीतलं वाक्य टाकलं की कसं लगेच कानाला कळतं, तसं. त्या तुकड्यातल्या जनुकांवरून जंतू सुईसारखं यंत्र बनवतो, आपल्या पेशीत प्रोटीन टोचतो आणि सूज भडकते.

शिवाय मेलेल्या शेजाऱ्याचा डीएनए उचलून स्वतःत बसवायची या जंतूला भारीच सवय. क्लॅरिथ्रोमायसिन हे अँटिबायोटिक चालेनासं व्हायला डीएनएतल्या एका अक्षराचा बदल पुरतो, आणि तो बदल असा एकाकडून दुसऱ्याकडे जातो. मामांनी आधी दोनदा मेडिकलवरून अँटिबायोटिक आणून बरं वाटताच सोडलेलं, ते आठवून मला फार वाईट वाटतं.

यावेळी मोबाईलला अलार्म लावून १४ दिवस एकही गोळी चुकवली नाही. मग महिनाभर थांबून, शेवटचे दोन आठवडे ॲसिडची गोळीही बंद ठेवून फुंकर मारायची टेस्ट केली. निगेटिव्ह आली, आणि संध्याकाळी मामींनी तव्यावर मिरच्या टाकल्या.