वीजदराच्या वादात हायकोर्टात जायचंय? याचिका नेमकी कुठे अडते ते आधी पाहा

बिल अव्वाच्या सव्वा आलं की लोक म्हणतात, आता थेट हायकोर्ट. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका, म्हणजे सरकारी प्राधिकरणाला आदेश द्या अशी मागणी, करता येते, हे खरंच आहे. पण न्यायालय पहिल्याच तारखेला विचारतं: आधी कुठे दाद मागितली? आणि तिथेच कागद अपुरे पडतात.

म्हणून आधी आपलं भांडण कशाशी आहे ते ठरवा. घरगुती जोडणीला व्यापारी दर लावला, महिनोन्महिने सरासरीवर बिल आलं, अशा तक्रारी वीज कंपनीच्या ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाकडे जातात. मुदत कारण घडल्यापासून २ वर्षं. मंचाचा निकाल पटला नाही तर ६० दिवसांत विद्युत लोकपालांकडे, मुंबईला किंवा नागपूरला. त्यानंतर हायकोर्ट. दरच चुकीचा ठरवलाय असं म्हणणं असेल, तर दर ठरवणाऱ्या राज्य वीज नियामक आयोगाच्या आदेशाविरुद्ध विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम १११ नुसार ४५ दिवसांत विद्युत अपीलीय न्यायाधिकरणाकडे जावं लागतं. आयोगाने केलेल्या नियमांनाच (विनियमांना) आव्हान द्यायचं असेल तर मात्र मार्ग हायकोर्टाचा. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्येच हे स्पष्ट केलंय.

सगळ्यात जास्त घात होतो तो याच कायद्यातल्या कलम १२६ च्या बिलात. ‘अनधिकृत वापर’ असा शेरा मारून आलेलं बिल मंचाच्या अधिकारात येत नाही. त्यावर अपील कलम १२७ खाली, अंतिम आदेशापासून ३० दिवसांत आणि निम्मी रक्कम भरून. लोक मंचाच्या तारखा करत बसतात आणि इकडे महिना उलटून जातो. कृपा करून बिलावरचं कलम आधी वाचा.

आता तो कागद, जो जवळजवळ कुणाकडेच नसतो: पोच. हायकोर्टाकडे ‘प्राधिकरणाला आदेश द्या’ असं मागताना, तुम्ही लेखी मागणी केली होती आणि ती नाकारली गेली किंवा तिच्याकडे दुर्लक्ष झालं, हे दाखवावं लागतं. खिडकीवरच्या माणसाने ‘बघतो’ म्हटलं, याला पुरावा म्हणत नाहीत. अर्जाच्या दोन प्रती न्या. आपल्या प्रतीवर गोल शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय हलू नका. शिक्का द्यायला टाळाटाळ होते, तासन्‌तास बसवून ठेवतात, आणि नागरिकाला असं ताटकळत ठेवणं चूकच आहे. तरीही नाही दिला तर त्याच दिवशी स्पीड पोस्ट करा आणि पावती जपा.

बिल वारलेल्या वडिलांच्या नावावर आहे म्हणून घाबरू नका. कायद्यात ज्याच्या जागेत वीज जोडलेली आहे तोही ग्राहक आहे. जागेचा ताबा दाखवणारा कागद जोडा.

वाद चालू असताना वीज तुटू नये म्हणून कलम ५६ आहे: १५ पूर्ण दिवसांची लेखी नोटीस हवीच. मागितलेली रक्कम किंवा मागच्या ६ महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यातली कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. पण याच कलमातली थकबाकी वसुलीवरची २ वर्षांची मर्यादा लोक चुकीची वाचतात. ती वापराच्या महिन्यापासून धरायची नाही, बिल पहिल्यांदा देय झालं तिथून धरायची, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सांगितलं.

मीटर सदोष होता की नाही असले वस्तुस्थितीचे वाद रिटमध्ये सहसा सोडवले जात नाहीत. मीटर तपासणीचा अहवाल मंचापुढेच दाखल करा. नंतर आठवून उपयोग नाही.

याचिकेसोबत वकीलपत्र, प्रतिज्ञापत्र, मंच व लोकपालांच्या आदेशांच्या प्रती, बिलं आणि मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर लागतं. वकिलाची फी झेपत नसेल तर हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करा. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या अर्जदारांना तिथे उत्पन्नाची अट नाही.