तो चेंडू उसळत नाही, कमी पडतो

परवा आमच्या शाळेच्या ग्रुपवर एक जुनी चित्रफीत फिरत फिरत आली. बेसबॉलच्या मैदानातला एक उंचापुरा पोरगा चेंडू टाकतोय आणि समोरचा एकेक बॅटर हवेत बॅट फिरवून मान खाली घालून परत जातोय. खाली मजकूर होता, ‘याचा चेंडू वर उसळतो! गुरुत्वाकर्षणाचा नियम मोडणारा माणूस!’ त्यावर दहा-बारा अंगठे पडले. एकाने विचारलं, ‘हा कोपर वाकवतोय, नो बॉल नाही का?’ दुसऱ्याने आमच्या भौतिकशास्त्राच्या सरांची आठवण काढली. सर असते तर त्यांनी फळ्यावर आधी ‘मोडणारा’ या शब्दावर काट मारली असती. ते काम मीच करतो.

पोरगा म्हणजे शिकागो कब्ज संघाचा केरी वुड. ६ मे १९९८, शिकागोचं रिगली फील्ड, ढगाळ आणि मधूनच भुरभुर पाऊस असलेला दिवस. वुडचं वय वीस आणि मेजर लीगमध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वोच्च बेसबॉल स्पर्धेत, सुरुवातीचा पिचर (चेंडू टाकणारा) म्हणून हा त्याचा पाचवाच सामना. समोर ह्यूस्टन ॲस्ट्रोज, ज्यांनी त्या हंगामात १०२ सामने जिंकले. पहिलाच चेंडू बॅटरमागच्या कॅचरला चुकवून थेट अंपायरच्या मुखवट्यावर आदळला, म्हणजे शुभशकुन वगैरे काही नव्हता. मग त्याने पहिल्या पाचही बॅटरना ओळीने स्ट्राइकआउट केलं, म्हणजे तीन स्ट्राइकांत बाद. नऊ डावांत मिळून सत्तावीस बळी घ्यायचे असतात. त्यातले वीस त्याने कुणाच्याही मदतीशिवाय, तीन-तीन स्ट्राइक टाकून घेतले. एकालाही फुकटचा बेस (धावून गाठायची चौकी) दिला नाही. एकाला चेंडू लागला, आणि रिकी गुटिएरेझचा एक फटका तिसऱ्या बेसवरच्या खेळाडूच्या ग्लव्हला चाटून गेला. प्रतिपक्षाच्या खात्यात एवढंच. १२२ चेंडू, निकाल २-०.

क्रिकेटवाल्यांसाठी सांगतो. बेसबॉलमध्ये स्टंप नसतात. हवेतच एक काल्पनिक चौकट असते, बॅटरच्या गुडघ्यापासून छातीपर्यंत. चेंडू तिच्यातून गेला आणि तुम्ही मारला नाहीत, तर स्ट्राइक. बॅट फिरवली आणि हुकली, तरी स्ट्राइक. तीन झाल्या की घरी. नऊ डावांच्या सामन्यात वीस स्ट्राइकआउट हा उच्चांक आधी रॉजर क्लेमेन्सने दोनदा केला होता, १९८६ आणि १९९६ मध्ये. वुडनंतर २०१६ मध्ये मॅक्स शर्झरनेही तिथपर्यंत मजल मारली. एकविसावा कुणालाच जमलेला नाही. १९६२ मध्ये टॉम चेनीने एकवीस घेतले होते खरे, पण तो सामना सोळा डाव चालला आणि त्याने २२८ चेंडू टाकले.

आता चेंडूकडे येऊ.

पिचरच्या उंचवट्यापासून बॅटरजवळ जमिनीत बसवलेल्या पाटीपर्यंत (होम प्लेट) १८.४४ मीटर. पिचर पुढे झेप घेऊन चेंडू सोडतो, त्यामुळे चेंडूला प्रत्यक्षात १७ मीटरच्या आतबाहेर प्रवास करावा लागतो. ताशी १५३ किलोमीटर म्हणजे सेकंदाला साधारण साडेबेचाळीस मीटर. हवेमुळे वेग वाटेत थोडा मरतो. हिशेब केला तर हातात येतात ०.४१ सेकंद. बॅट फिरवायलाच सुमारे ०.१५ सेकंद लागतात. डोळ्याने पाहून मेंदूने निर्णय घ्यायला आणखी ०.२ च्या आसपास. म्हणजे चेंडू अजून अर्ध्या वाटेवरही नसतो तेव्हा बॅटरला ठरवावं लागतं, तो कुठे येणार ते. शेवटच्या दीडेक मीटरमध्ये तर डोळ्यांना चेंडूमागे फिरणंच जमत नाही, तो नजरेच्या वेगाबाहेर गेलेला असतो. ‘चेंडूवरून नजर काढू नकोस’ हा सल्ला देणाऱ्या सगळ्या प्रशिक्षकांना माझा नमस्कार.

बॅटर चेंडू बघून मारत नाही, अंदाजाने मारतो. तो अंदाज चार बोटं चुकला की खेळ खलास, कारण बॅट तिच्या सर्वांत जाड भागात जेमतेम साडेसहा सेंटिमीटर असते.

आता नववीतलं सूत्र काढा: अर्धा गुणिले जी गुणिले टी वर्ग. ०.४१ सेकंदांत कोणतीही वस्तू गुरुत्वाकर्षणाने सुमारे ८२ सेंटिमीटर खाली येते. वुडचा वेगवान चेंडूही येणारच. पण तो सोडताना बोटं चेंडूच्या मागून खाली घासत जातात आणि चेंडू उलटा फिरू लागतो, वरची बाजू पिचरकडे आणि खालची बॅटरकडे. मिनिटाला २४०० फेरे धरले तर सेकंदाला चाळीस, म्हणजे पाटीपर्यंत पोचेतो सोळा गिरक्या. या गिरक्यांमुळे हवा त्याला वर ढकलते. ते बल चेंडूच्या वजनाच्या निम्म्याच्या आसपास असतं. म्हणून ८२ ऐवजी तो चाळीसेक सेंटिमीटरच खाली येतो. वरून हात फिरवून टाकलेला चेंडू खरोखर वर चढायला ते बल वजनापेक्षा जास्त हवं, आणि तेवढी फिरकी माणसाच्या मनगटात नाही. बॅटरचा मेंदू मात्र हजारो सरासरी चेंडूंवर पोसलेला असतो. त्याच्या हिशेबाने चेंडू अमुक इतका पडायला हवा. तो त्याहून कमी पडला की मेंदू म्हणतो, ‘उसळला!’ गुरुत्वाकर्षण जागच्या जागी आहे. फसला आहे तो अंदाज.

हवा का ढकलते? ‘फिरणाऱ्या चेंडूच्या एका बाजूची हवा वेगाने जाते, तिथे दाब कमी होतो, झालं’ असं एका वाक्यात पुस्तकं उरकतात. हे चूक नाही, पण यातलं खरं नाट्य हरवतं. मला या विषयातला सर्वांत आवडता भाग हाच, म्हणून इथे जरा बसू.

चेंडूच्या पृष्ठभागाला हवेचा एक पातळसा थर चिकटून असतो. त्याला सीमास्तर म्हणतात. समोरून येणारी हवा या थराच्या आधाराने चेंडूला वळसा घालते, पण पूर्ण मागपर्यंत जाऊ शकत नाही. वाटेत कुठेतरी ती पृष्ठभाग सोडते आणि मागे भोवऱ्यांची शेपटी उमटते, खाडीत होडीमागे पाण्याची उमटते तशी. चेंडू फिरत नसेल तर वर-खाली दोन्हीकडे ती सारख्याच जागी सुटते आणि शेपटी सरळ राहते. चेंडू उलटा फिरत असेल तर वरचा पृष्ठभाग हवेच्याच दिशेने जात असतो. तो हवेला हाताला धरून पुढे नेतो, त्यामुळे वरची हवा उशिरा सुटते. खालचा पृष्ठभाग हवेला सामोरा जातो, म्हणून तिथली लवकर सुटते. परिणाम असा की शेपटी खाली वळते. चेंडूने हवा खाली फेकली, तर हवा चेंडूला वर फेकणार. न्यूटनचा तिसरा नियम, दुसरं काही नाही. स्वतः न्यूटनने १६७२ मध्ये टेनिसच्या चेंडूचं वळणं नोंदवलं होतं. नाव मात्र मिळालं १८५२ मध्ये यावर काम करणाऱ्या माग्नुस या जर्मन शास्त्रज्ञाचं.

इथवर सोपं आहे. आता गंमत. अगदी गुळगुळीत चेंडू घेतला तर काही वेगांना तो बरोबर उलट दिशेला वळतो! कारण जी बाजू हवेला सामोरी जाते तिथे हवेचा सापेक्ष वेग जास्त, म्हणून तिथला सीमास्तर आधी खवळतो. आणि खवळलेला थर शांत थरापेक्षा जास्त चिवट असतो, बाहेरच्या हवेतून ऊर्जा ओढून घेत पृष्ठभागाला अधिक काळ धरून राहतो. म्हणजे जिथे हवा लवकर सुटायला हवी तिथे ती उशिरा सुटते आणि सगळं गणित पालटतं. बेसबॉलवर लाल दोऱ्याचे १०८ दुहेरी टाके असतात. ते दोन्ही बाजूंचा थर आधीच खवळवून ठेवतात, म्हणून बेसबॉल शहाण्यासारखा वागतो. आणखी एक आकडा, नको असेल तर पुढच्या परिच्छेदावर जा: चेंडूच्या कडेचा फिरण्याचा वेग आणि पुढे जाण्याचा वेग यांचं गुणोत्तर. आपल्या चेंडूसाठी कडेचा वेग सेकंदाला ९.३ मीटर, म्हणजे गुणोत्तर ०.२२. किती वळणार ते मुख्यतः यावर ठरतं, त्यामुळे तीच फिरकी संथ चेंडूला जास्त वळवते.

हे सगळं मोजलं कुणी? १९४१ मध्ये अमेरिकेत ‘लाइफ’ मासिकाने छायाचित्रं छापून शंका काढली होती की वळणारा चेंडू हा निव्वळ दृष्टिभ्रम असावा. १९५९ मध्ये लायमन ब्रिग्ज यांनी तिचा निकाल लावला. युरेनियमवरच्या अमेरिकी समितीचं अध्यक्षपद १९३९ मध्ये ज्यांच्याकडे होतं तेच हे ब्रिग्ज, राष्ट्रीय मानक संस्थेचे निवृत्त संचालक, वय पंचाऐंशीच्या घरात. अणुबॉम्बाच्या वाटेवरून गेलेला माणूस म्हातारपणी वाऱ्याच्या बोगद्यात फिरते चेंडू सोडून ते किती सरकतात ते मोजत बसला! पाटीपर्यंतच्या अंतरात साडेसतरा इंच, म्हणजे सुमारे ४४ सेंटिमीटर, एवढं वळण त्यांना मिळालं. भ्रम नाही, खरंच वळतो.

वुडकडे वेगवान चेंडूच्या जोडीला स्लायडर (आडवा सरकणारा) आणि कर्व्ह (खाली वळणारा) यांच्या मधला एक चेंडू होता. फिरकीचा अक्ष बदलला की बलाची दिशा बदलते. वरची बाजू बॅटरकडे फिरवली तर हवा चेंडूला खाली दाबते. आपल्या फिरकी गोलंदाजांचा ‘डिप’ तो हाच. ताशी १२९ किलोमीटरच्या अशा चेंडूला पाटीपर्यंत अर्धा सेकंद लागतो आणि तो सव्वा मीटरहून जास्त खाली येतो. म्हणजे तोच हात, तीच झेप, आणि एकाचं पडणं चाळीस सेंटिमीटर तर दुसऱ्याचं तिप्पट. बॅटरला यातलं एक निवडायला मिळतात ०.२ सेकंद. (जलदगती गोलंदाजांचा स्विंग मात्र वेगळं प्रकरण आहे. तिथे शिवण तिरपी आणि स्थिर ठेवतात.)

त्या दिवशीच्या दमट हवेलाही श्रेय देणारे भेटतात. ‘हवा जड होती ना!’ आपल्याकडे क्रिकेटच्या समालोचनातही हे ऐकू येतं. पण दमट हवा कोरड्या हवेपेक्षा हलकी असते. पाण्याच्या रेणूचं वजन १८, ज्याची जागा तो घेतो त्या नायट्रोजनचं २८. हवा दाट होते ती थंडीने. आणि विरळ होते उंचीने: डेन्व्हरमध्ये, सोळाशे मीटरवर, तोच चेंडू कमी वळतो. रिगली फील्डवर तर बोकडाचा शापही सांगत. १९४५ मध्ये एका गुत्तेवाल्याला त्याच्या बोकडासकट मैदानाबाहेर काढलं, म्हणून म्हणे कब्ज वर्ल्ड सिरीज, म्हणजे अजिंक्यपदाची मालिका, जिंकत नव्हते. १९०८ नंतर २०१६ मध्ये जिंकले, तोपर्यंत शापाची रीतसर दुकानदारी झाली. पुढे पिचर मंडळी गळ्यात ‘ऊर्जा’ देणाऱ्या टायटॅनियमच्या माळा घालू लागली. जत्रेत तांब्याचं कडं विकणाऱ्याचं आणि त्या माळवाल्याचं गोत्र एकच.

आणि ग्रुपवरचा तो नो बॉलचा प्रश्न. बेसबॉलमध्ये कोपर वाकवायला मोकळीक आहे, आणि तिची किंमत कोपरच मोजतं. चेंडू फेकताना खांद्यातला हात सेकंदाला ७००० अंशांच्या आसपास वेगाने आत वळतो आणि तो झटका कोपराच्या आतल्या बाजूचा एक अस्थिबंध झेलतो. वुडचा तो १९९९ च्या वसंतात फाटला. संपूर्ण हंगाम बुडाला. शरीरातलाच दुसरा स्नायुबंध काढून तिथे ओवण्याची शस्त्रक्रिया झाली, जी १९७४ मध्ये पहिल्यांदा टॉमी जॉन या पिचरवर झाली आणि आजही त्याच्या नावाने ओळखली जाते. वुड परतला, पण एका सामन्यात वीस पुन्हा कधी झाले नाहीत. १८ मे २०१२ ला त्याच रिगली फील्डवर तो शेवटचा उतरला. एकच बॅटर, तीन चेंडू, स्ट्राइकआउट. कारकिर्दीतला १५८२ वा. मैदानाच्या कडेला त्याचा लहान मुलगा धावत आला, वुडने त्याला उचलून घेतलं आणि आत निघून गेला.