से कॅथेड्रल: अर्ध्या तासाच्या टूरमागची पाचशे वर्षं

जुन्या गोव्यात गाडी थांबली की लोकं आधी बॉम जीझस चर्चकडे पळतात, तिथे ठेवलेलं सेंट झेवियरचं शव बघायला, आणि मग वेळ उरलाच तर रस्ता ओलांडून समोरच्या पांढऱ्या इमारतीत "आलोच आहोत तर हेपण बघून घेऊ" म्हणत शिरतात. ती पांढरी इमारत म्हणजे से कॅथेड्रल. गाईड घेतला तर तो साधारण अर्ध्या तासात सगळं उरकतो, वेदी दाखवतो, घंटेबद्दल दोन वाक्यं टाकतो, मनोरा एकच का ते सांगतो आणि शेजारच्या म्युझियमच्या दारात सोडून देतो. तो काही चुकीचं सांगत नाही, पण अर्ध्या तासात मागचं पुढचं काय सांगणार बिचारा. म्हणून ही पार्श्वभूमी.

आधी शब्द बघू, कारण अनेकांना वाटतं कॅथेड्रल म्हणजे मोठं चर्च. तसं नाही. जिथे बिशपची खुर्ची असते ते कॅथेड्रल, मग इमारत लहान का असेना. पोर्तुगीजमधला 'से' हा शब्दसुद्धा लॅटिनमधल्या बसण्याच्या जागेवरूनच आलाय. आपल्याकडे मठाची गादी म्हणतो ना, तसंच. ही गादीची गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता सेंट कॅथरीन का? हे कॅथेड्रल तिच्या नावाचं आहे, कारण आल्फोन्सो द अल्बुकर्कनं गोवा जिंकलं तो दिवस २५ नोव्हेंबर १५१०, आणि तो कॅथरीनचा सण. खरं तर त्याच वर्षी त्यानं एकदा शहर घेतलं होतं, होनावरच्या तिमोजा नावाच्या दर्यावर्दी सरदाराच्या मदतीनं, पण मे महिन्यात आदिलशाही फौजेनं त्याला हुसकून लावलं. नोव्हेंबरात परत आला तो जय्यत तयारीनं, आणि शहर हातात आल्यावर तिथल्या मुसलमानांची सरसकट कत्तल केली, हे त्यानं स्वतः राजाला पत्रात कळवलंय. त्यानंतर एक साधं चर्च उभं राहिलं कॅथरीनच्या नावानं. १५३४ मध्ये पोपनं गोव्याला बिशप दिला, १५५८ मध्ये आर्चबिशप दिला, आणि आता आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून पार चीन-जपानपर्यंतच्या ख्रिस्ती लोकांचा कारभार इथून चालणार म्हटल्यावर जुनी इमारत कोणाच्या नजरेत भरेना.

म्हणून १५६२ मध्ये नवं कॅथेड्रल सुरू झालं. राजा दों सेबास्तियाव, पैसा सरकारी खजिन्यातला, आणि हिशोब असा की समुद्रावर आमचं राज्य आहे ते इमारत बघूनच कळलं पाहिजे. लांबी २५० फूट, रुंदी १८१ फूट, दर्शनी भिंतीची उंची ११५ फूट. आतला दगड आपला कोकणी जांभाच, वरून चुन्याचा गिलावा. समोरच्या बॉम जीझसचा गिलावा विसाव्या शतकात काढून टाकला म्हणून तो लाल दिसतो आणि हे पांढरं दिसतं, नाहीतर आतून दोघं भाऊच.

पण मला या इमारतीची खरी गंमत वाटते ती तारखांमध्ये. सुरुवात १५६२, मुख्य बांधकाम संपलं १६१९ मध्ये, पवित्रीकरण १६४०, वेद्या पूर्ण व्हायला १६५२ उजाडलं. म्हणजे नव्वद वर्षं! आणि या नव्वद वर्षांत बाहेर काय झालं बघा. १५६५ मध्ये तालिकोटची लढाई होऊन विजयनगर कोसळलं. गोव्याची निम्मी श्रीमंती घोड्यांच्या व्यापारावर उभी होती, इराणच्या आखाताच्या तोंडावरच्या होर्मुझ बंदरातून अरबी घोडे यायचे, गोव्यात जकात भरायची आणि घोडे विजयनगरकडे जायचे, ते गिऱ्हाईकच गेलं. १५७८ मध्ये ज्याच्या काळात पाया घातला तो सेबास्तियाव मोरोक्कोतल्या लढाईत मेला, मूलबाळ नाही, दोन वर्षांत पोर्तुगाल स्पेनच्या राजाच्या घशात गेलं. १६२२ ला होर्मुझ गेलं, १६४१ ला डचांनी मलाक्का घेतलं. डच जहाजं तर मांडवीच्या तोंडाशी येऊन रस्ता अडवून बसायची. त्यात शहरात पटकी, मलेरिया, विहिरींचं पाणी खराब, माणसं मरताहेत. थोडक्यात भर दुपारी आराखडा काढला आणि घर बांधून होईपर्यंत संध्याकाळ झाली. "गोवा पाहिलं त्यानं लिस्बन नाही पाहिलं तरी चालेल" ही म्हण ज्या शहराबद्दल होती, ते शहर कॅथेड्रल पूर्ण होईपर्यंत रिकामं व्हायला लागलं होतं.

आत गेल्यावर गाईड तुम्हाला थेट मुख्य वेदीकडे नेतो, सोन्याचा मुलामा दिलेली, आणि खरंच डोळे दिपतात. तिथे फोटो काढण्याच्या नादात वेदीवरचे सहा कोरीव चौकोन बघायचे राहतात, कॅथरीनची अख्खी गोष्ट आहे त्यात, राजाशी वाद घातला, तुरुंगात टाकलं, काटेरी चाकावर मारायचं ठरलं, शेवटी शिरच्छेद. ते चाक नीट बघून ठेवा, पोर्तुगीज गोव्याच्या राजचिन्हावर तेच चाक होतं.

मला स्वतःला वेदीपेक्षा दाराजवळचं दगडी पात्र जास्त आवडलं, बाप्तिस्म्याचं. १५३२ चं आहे, म्हणजे इमारतीपेक्षा तीस वर्षांनी जुनं, आधीच्या चर्चमधून आलेलं. झेवियर १५४२ मध्ये गोव्यात आला, त्यानं याच पात्रातल्या पाण्यानं बाप्तिस्मे दिले असं सांगतात. बहुतेक ग्रुप त्याच्या बाजूनं नुसता निघून जातो. एका बाजूच्या चॅपलमध्ये चमत्काराचा क्रूस आहे, १६१९ मध्ये जवळच्या टेकडीवर त्या क्रुसावर येशू दिसल्याची कथा आहे आणि क्रूस वाढतो अशी श्रद्धा. मोजायला कोणी गेलेलं दिसत नाही, ते बरंच आहे.

आता मनोरा. मूळ दोन होते, १७७६ मध्ये वीज पडून एक कोसळला आणि परत बांधलाच नाही. लोकं याला 'लोप्साइडेड' वगैरे म्हणून हसतात, पण विचार करा, व्हाइसरॉय १७५९ मध्येच पणजीला राहायला गेलेला, शहरात माणूस नाही, तिजोरीत पैसा नाही, मनोरा बांधायचा कुणासाठी?

उरलेल्या मनोऱ्यात ती प्रसिद्ध सोन्याची घंटा आहे. सोन्याची नाही हो, आवाजावरून नाव पडलंय. गोव्यातली सगळ्यात मोठी घंटा, १६५२ मध्ये कुंकळ्ळीला ओतलेली. कुंकळ्ळी म्हणजे तेच गाव जिथे १५८३ मध्ये देवळं पाडल्याच्या रागात लोकांनी पाच जेझुइट मिशनऱ्यांना ठार केलं होतं. आणि ही घंटा इन्क्विझिशनच्या, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाच्या, शिक्षांच्या जाहीर सोहळ्याच्या दिवशी वाजायची. इन्क्विझिशन गोव्यात १५६० ला आलं, मधली चार वर्षं सोडली तर १८१२ पर्यंत टिकलं, आणि त्याचं ऑफिस कॅथेड्रलच्या बाजूच्याच चौकात होतं, आदिलशहाच्या जुन्या वाड्यात. लोकं त्याचं नाव घ्यायची नाहीत, नुसतं 'व्हडलें घर' म्हणायची, थोरलं घर. आज तिथे काहीही उभं नाही. टूरमध्ये यावर एखादंच वाक्य येतं, आणि मला ते खटकतं. सोन्याच्या वेदीला दहा मिनिटं देता, तर अडीचशे वर्षांच्या त्या घराला दोन तरी द्या.

घंटेवरून आठवलं. आपल्याकडे पोर्तुगीज घंटा कितीतरी देवळांत आहेत, १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली तेव्हा तिथल्या चर्चमधल्या घंटा काढून मराठी सरदारांनी देवांना वाहिल्या. नाशकात गोदेकाठची नारोशंकराची घंटा त्यातलीच समजतात, तिच्यावर १७२१ साल आहे. भीमाशंकरला आहे, वाईजवळ मेणवलीला आहे. से कॅथेड्रलची घंटा मात्र जागेवरच राहिली, कारण मराठे इथवर पोचले नाहीत, पण फार थोडक्यात हुकलं. २४ नोव्हेंबर १६८३ च्या रात्री, म्हणजे दुसऱ्या दिवशी कॅथरीनचा सण, संभाजीराजांच्या माणसांनी जुवे बेटावरचा किल्ला घेतला, राजधानीच्या अगदी उंबऱ्यावर. ते परत घ्यायला व्हाइसरॉय काउंट अल्वोर स्वतः गेला आणि कसाबसा जीव वाचवून आला. मग त्यानं बॉम जीझसमध्ये झेवियरची शवपेटी उघडायला लावून आपला अधिकाराचा दंड त्याच्यासमोर ठेवला, आता शहर तूच सांभाळ म्हणून. झेवियरनं सांभाळलं असं पोर्तुगीज म्हणतात, आपण म्हणतो औरंगजेबाचा मुलगा फौज घेऊन कोकणात उतरला म्हणून राजांना मागे फिरावं लागलं.

आता म्युझियमकडे. हे कॅथेड्रलचं म्युझियम असं सगळे म्हणतात, पण तांत्रिकदृष्ट्या ते शेजारच्या सेंट फ्रान्सिस ऑफ असिसीच्या मठात आहे, फ्रान्सिस्कन संघाच्या साधूंच्या. ते १५१७ पासून गोव्यात, आजचं चर्च १६६१ चं, पण दार जुन्या चर्चचंच ठेवलंय, काळसर दगडाचं, मानुएलाइन म्हणजे जुन्या पोर्तुगीज शैलीचं, पांढऱ्या भिंतीत ते लगेच वेगळं दिसतं. १८३५ मध्ये पोर्तुगीज सरकारनं सगळे धार्मिक संघ बंद केले आणि मठ रिकामे पडले. पलीकडच्या टेकडीवरचं सेंट ऑगस्टीन बघा, कोणी वाली नाही म्हटल्यावर १८४२ मध्ये छत पडलं, १९३१ मध्ये दर्शनी भाग, आता ४६ मीटरचा अर्धा मनोरा तेवढा उरलाय. १८४३ मध्ये राजधानी अधिकृतपणे पणजीला गेल्यावर तर इथले दगडसुद्धा तिकडे गेले. कॅथेड्रल का वाचलं? माझ्या मते त्या गादीमुळे. ते कुठल्या संघाचं नव्हतं, आर्चबिशपचं होतं, आणि शहर गेलं तरी पीठ इथेच राहिलं.

रिकाम्या फ्रान्सिस्कन मठात १९६४ पासून पुरातत्त्व खात्याचं म्युझियम आहे (शुक्रवारी बंद असतं, मी एकदा दारावरून परत आलोय). आत शिरल्या शिरल्या अल्बुकर्कचा भलामोठा ब्राँझचा पुतळा, जो पणजीतल्या आझाद मैदानातून इथे आणला. पोर्तुगीजांचा राष्ट्रकवी कामोइंश, जो १५५० च्या दशकात गोव्यात राहून गेला, त्याचाही पुतळा आहे, तो १९६० मध्ये बाहेर उघड्यावर बसवला होता, वर्षभरात गोवा मुक्त झालं, मग विरोध वाढत गेल्यावर आत आला. वरच्या मजल्यावर व्हाइसरॉय आणि गव्हर्नरांची चित्रं, ही प्रथा १५४७ मध्ये जोआव द कास्त्रोनं सुरू केली. ओळीनं साठेक चेहरे, सगळे दाढीवाले, सगळे छाती काढून. सुरुवातीचे बघायला मजा येते, नंतर नंतर सगळे एकसारखे वाटायला लागतात.

आणि याच म्युझियममध्ये पोर्तुगीजांच्या कितीतरी आधी गोव्यावर राज्य केलेल्या कदंबांच्या काळातले वीरगळ आणि सतीशिळा आहेत, विष्णूच्या, सूर्याच्या मूर्ती आहेत. वीरगळ आपल्याला नवे नाहीत, खाली लढाई, मध्ये अप्सरा, वर शिवलिंगापुढे बसलेला वीर. पण व्हाइसरॉयांचे चेहरे वरच्या मजल्यावर आणि हे खाली, एकाच मठात, ते बघताना जरा वेगळंच वाटतं. गाईड इथे येत नाही, त्याची टूर दारातच संपलेली असते.

वेळ असेल तर म्युझियमच्या मागे चालत जा, दोन-तीन मिनिटं. तिथे सेंट कॅथरीनचं छोटं चॅपल आहे, सगळं जिथून सुरू झालं ते. गव्हर्नर जॉर्ज काब्राल यानं १५५० मध्ये लावलेला दगड आहे, त्यावर लिहिलंय की शहराचा जो दरवाजा ओलांडून अल्बुकर्क आत आला तो याच जागी होता. आम्ही गेलो तेव्हा चॅपल बंद होतं आणि पायरीवर एक कुत्रं झोपलेलं. तिथून खाली उतरलं की मांडवी, आणि दिवाडी बेटावर जायची फेरी. दिवाडीवरचं सप्तकोटेश्वराचं देऊळ पोर्तुगीजांनी पाडलं, लोकांनी देव नदीपलीकडे नार्व्याला नेला, तिथलं देऊळ १६६८ मध्ये शिवाजी महाराजांनी बांधून घेतलं. आम्ही तीच फेरी पकडली, चालत जाणाऱ्यांना तिकीट नव्हतं, आणि मधोमध गेल्यावर मागे वळून बघितलं तर नारळांच्या वर तो एकटा मनोरा दिसत होता.