काळ्या रंगातली चांदी : स्तोरारो आणि ‘ईएनआर’

रंगीत फिल्मच्या प्रिंटमध्ये, म्हणजे थिएटरात दाखवायच्या प्रतीत, काळा असा वेगळा रंग नसतोच. पिवळा, किरमिजी आणि सायन (हिरवट निळा) हे तीन थर एकाच जागी गच्च भरले की ती जागा काळी दिसते, पण प्रोजेक्टरच्या दिव्यापुढे तिच्यातून थोडा उजेड झिरपतो आणि काळोख पातळ वाटतो. इटलीचे छायालेखक व्हित्तोरिओ स्तोरारो यांच्यासाठी रोमच्या टेक्निकलर लॅबमध्ये एर्नेस्टो नोव्हेल्ली यांनी यावर उपाय काढला. ‘रेड्स’साठी (१९८१) तो प्रथम वापरला गेला आणि नोव्हेल्लींच्या पूर्ण नावाच्या आद्याक्षरांवरून ‘ईएनआर’ म्हणून ओळखला जाऊ लागला. स्तोरारोंच्या तीन ऑस्करपैकी दुसरं याच चित्रपटाचं.

प्रिंट धुताना कलर डेव्हलपरमध्ये (चित्र उमटवणाऱ्या रसायनात) रंगांबरोबर धातुरूप चांदीही तयार होते. पहिला फिक्सर उजेड न लागलेले चांदीचे क्षार काढून टाकतो. मग ब्लीच धातुरूप चांदीचं पुन्हा क्षारात रूपांतर करतं आणि दुसरा फिक्सर तेही विरघळवतो. उरतात ते निव्वळ रंग. ईएनआरमध्ये ब्लीच आणि दुसरा फिक्सर यांच्यामध्ये ब्लॅक-अँड-व्हाइट डेव्हलपरची एक टाकी वाढते. तिच्यात क्षाराचा काही भाग परत चांदी होतो आणि उजेड अडवत प्रिंटवरच राहतो. पहिला फिक्सर नीट झाला नसेल तर मात्र उरलेले क्षारही काळे पडतात आणि सगळ्या चित्रावर करडी झाक चढते.

किती चांदी ठेवायची हे डेव्हलपरची तीव्रता ठरवते. मोजणी इन्फ्रारेड डेन्सिटोमीटरने (फिल्म किती उजेड अडवते हे मोजणाऱ्या यंत्राने) होते, कारण रंग इन्फ्रारेडला जवळजवळ पारदर्शक असतात आणि चांदी ते अडवते. ब्लीच सरसकट वगळण्याच्या जुन्या युक्तीत असा ताबा नव्हता, तिथे सगळीच चांदी राहते.

जिथे रंग दाट, तिथे चांदी जास्त. म्हणून सावल्या खोल होतात आणि पांढरा भाग स्वच्छ राहतो. लाल झेंड्याचं पाहा. प्रिंटवरचा लाल म्हणजे पिवळा आणि किरमिजी यांचे दाट थर. दोन्हीतली चांदी लाल उजेडही अडवते, म्हणून झेंडा विटकरीकडे झुकतो. त्यामुळे कपडे आणि मेकअप आधी चाचणी प्रिंट काढूनच ठरवावे लागतात. सेटवर फिल लाइटही (सावल्या उजळणारा दिवा) वाढवावा लागतो, नाहीतर डोळ्यांच्या खोबणी नुसत्या काळ्या होतात.

हे सगळं प्रिंटवर होतं, निगेटिव्ह नेहमीसारखंच धुतलं जातं. हा मोठा शहाणपणा, कारण निगेटिव्हमध्ये चांदी ठेवली तर ती उजळ भागांत साठते आणि सावल्यांऐवजी खिडक्या नि आकाश भगभगतं. किंमत मात्र प्रत्येक प्रिंटमागे मोजावी लागते, शिवाय फिक्सरमधून लॅबला परत मिळणारी चांदीही घटते.

डिजिटल ग्रेडिंगमध्ये, म्हणजे संगणकावर चित्राचे रंग ठरवताना, ईएनआरची नक्कल करणारे बरेचजण सगळ्या चित्राचं सॅच्युरेशन (रंगांचा भडकपणा) सारखंच उतरवतात आणि चेहरे निर्जीव करून बसतात. सॅच्युरेशन गडद भागांत जास्त उतरवायचं आणि उजळ भागांना जवळजवळ हात लावायचा नाही.